आरशाची खाणावळ

आमच्या खाणावळीत स्वयंपाक करणारा माणूस स्वयंपाक चाखत नाही. हे मला लग्न ठरताना कोणी सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तरी मी हसण्यावारी नेलं असतं, कारण माझं माहेर भंडारदऱ्याच्या बाजूचं, आणि तिकडे आई भात शिजला का बघायला शीत बोटाने दाबते नि तेच तोंडात टाकते. सासरी आल्यावर मी आमटीचा थेंब असाच तळहातावर घेतला आणि आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, माझं मनगट धरलं.

"उष्टं करू नगंस," त्या म्हणाल्या. "पयलं ताट बाहेर गेल्याबिगर या घरात कुनी चाखत न्हाई."

थेंब अजून हातावरच होता म्हणून त्या दिवशी पातेलं वाचलं. नाहीतर सगळी आमटी गटारात ओतली असती. माणसं इतकी कर्मठ असू शकतात हे मला तोवर ठाऊक नव्हतं, आणि मी मनातल्या मनात त्यांना काय काय म्हटलं ते इथे लिहीत नाही.

खाणावळ नगरच्या जुन्या बाजारात आहे. वर घर, खाली खाणावळ. दारावर पाटी आहे, पण तिचा रंग इतका उडालाय की नाव वाचता येत नाही, आणि वाचायची कोणाला गरजही पडत नाही. रिक्षावाल्याला 'आरशाची खाणावळ' म्हटलं की तो बरोबर आणून सोडतो. आत संगमरवरी पाट्यांची टेबलं आहेत, ती एका इराण्याने दुकान बंद केलं तेव्हा घेतलेली. भिंतीला लागून लांब बाकं आहेत. आणि बाजूच्या भिंतीवर माणसाच्या उंचीचा, लाकडी नक्षीच्या चौकटीतला आरसा आहे. त्याच्या कडांना काळे डाग पडलेत आणि तो सरळ लटकत नाही, पुढे झुकलेला आहे. नवीन गिऱ्हाईक हटकून म्हणतं, "मालक, आरसा पडंल बरं का." बाहेरगावचे लोक त्याच्यासमोर फोटो काढतात. शिंगणापूरहून परतणारी पोरं कपाळावरचा तेलाचा डाग त्यात बघून पुसतात.

हा आरसा शोभेचा नाही. माझे आजेसासरे पाथर्डीकडचे. घरातली सगळी माणसं कोयता घेऊन ऊसतोडीला जायची, ते एकटे उलट्या दिशेने नगरला आले आणि कॅम्पातल्या साहेबांच्या मेसमध्ये मसालची म्हणून लागले. मसालची म्हणजे मसाला वाटायचा, भांडी घासायची आणि खानसाम्याच्या शिव्या खायच्या. तिथून त्यांना काढलं, कारण त्यांनी साहेबांच्या आधी रस्सा चाखला. हे मामंजी सांगतात. मामंजी म्हणजे माझे सासरे. आत्याबाईंचं म्हणणं वेगळं आहे. रस्सा चाखला नव्हता, नुसती पळी चाटली होती, आणि पळी चाटायची या घराण्याला सवयच आहे. काहीही असो, नोकरी गेली आणि म्हाताऱ्याने शपथ घेतली, की माझ्या चुलीवर पाहुण्याआधी कोणाची जीभ लागणार नाही. पुढे मेसमध्ये नवं सामान आलं तेव्हा हा जुना आरसा भंगारात निघाला. तो त्यांनी हातगाडीवर घालून आणला आणि बरोबर अशा कोनात टांगला की चुलीपाशी उभं राहिलं की ताटं देण्याच्या खिडकीतून तो दिसावा, आणि त्यात दाराजवळचं पहिलं टेबल दिसावं.

कारण पहिल्या टेबलावर पहिलं ताट जातं. सकाळी जो पहिला माणूस पायरी चढेल त्याला ते फुकट. हमाल असो, वकील असो, उतारू असो. त्याने पहिला घास घेतला की चुलीवरचा माणूस आरशात त्याचं तोंड बघतो. भुवया, जबडा, दुसरा घास किती लवकर उचलला ते. तेवढ्यावरून कळतं. "मीठ हाताला कळतं, मसाला नाकाला, आनी बाकी समदं गिऱ्हाईकाच्या तोंडावर," असं मामंजी म्हणायचे. ते काळा मसाला भाजताना डोळे मिटून कढईवर वाकायचे, हाताने वाफ नाकाकडे ओढायचे आणि नेमक्या क्षणी कढई उतरवायचे. दगडफूल आधी की खोबरं आधी, कांदा किती काळा, सगळं नाकावर. मी त्यांच्या शेजारी उभी राहून शिकले. इतक्या वर्षांत त्यांनी मला शाबासकी दिली नाही आणि रागावलेही नाहीत. ते हुंगून नुसते "हं" म्हणायचे, आणि त्या 'हं'साठी मी जीव टाकायची.

लाकडं गेली, रॉकेलचे स्टोव्ह आले, मग गॅस आला. बाजूला चायनीजच्या गाड्या आल्या, समोर पिझ्झाचं दुकान आलं. खाणावळ चालत राहिली, ती मामंजींच्या नाकावर.

मग ती मोठी साथ आली. मामंजी दवाखान्यात होते, ऑक्सिजनवर होते, आणि आम्ही बाहेर फुटपाथवर बसून होतो. त्याबद्दल मी लिहिणार नाही, ते दिवस सगळ्यांनीच बघितलेत. ते वाचले. घरी आले, काठी टाकली, खाणावळ परत उघडली, जुनी गिऱ्हाइकं हात जोडून भेटून गेली. आम्हाला वाटलं, सुटलो.

एका दुपारी मी धान्याच्या खोलीत गेले आणि दारातच मला उमासा आला. कोपऱ्यात पिठाच्या डब्यामागे उंदीर मरून सडला होता. वास असा की डोळ्यांत पाणी यावं. आणि त्या डब्याला टेकून मामंजी सावकाश तूरडाळ निवडत बसले होते. मी पदराने नाक दाबलं. त्यांनी मान वर करून विचारलं, "काय झालं गं?"

मी म्हटलं, "काही नाही, शिंक येतेय." का म्हटलं ते मला आजही सांगता येणार नाही. ज्या माणसाला पलीकडच्या गल्लीतलं करपलेलं दूध कळायचं, त्याला मांडीशेजारचा मेलेला उंदीर कळत नव्हता.

त्या दिवसापासून माझ्या पोटात भीतीने जे घर केलं ते केलंच. मी मुळात भित्री आहे. माहेरी मला 'भित्यापाठी ब्रह्मराक्षस' म्हणूनच चिडवायचे. पण ही भीती निराळी होती, तिला दोन तोंडं होती. सांगितलं तर खाणावळ बंद. आमच्या ह्यांचा, म्हणजे माझ्या नवऱ्याचा, या धंद्यावर जीवच नाही. ते शिर्डी ते शिंगणापूर गाडी चालवतात, भाविक नेतात, आणि घरी आले की एकच पालुपद, "बाबांचं वय झालं, जागा मोबाईलवाल्याला भाड्याने देऊ." त्यांना निमित्तच हवं होतं. आणि खाणावळ बंद म्हणजे मामंजी संपले, हे मला दिसत होतं. दवाखान्यातून आलेला माणूस चुलीपाशी उभा राहूनच माणसात आला होता. पण नाही सांगितलं तर? जो माणूस चाखत नाही आणि ज्याला वासही येत नाही, तो रोज एवढ्या लोकांना जेवू घालत होता. कोणाच्या पोटात काय जाईल याचा भरवसा नव्हता. मी रात्र रात्र कूस बदलायची आणि ह्यांना वाटायचं मला उकडतंय.

मामंजींनी स्वतःची युक्ती काढली होती, ती मला मग हळूहळू दिसायला लागली. ते आता डोळे मिटत नव्हते. खोबऱ्याचा रंग बघायचे, मोहरीचा आवाज ऐकायचे, कढईवर तळवा धरून ऊब बघायचे. वाकायचे, वाफ नाकाकडे ओढायचे, पण ते आता नुसतं सोंग होतं. आणि आरशात पूर्वीपेक्षा जास्त वेळ बघायचे. पहिलं ताट गेलं की त्यांचे ओठ कोरडे पडायचे. त्यांनाही भीती वाटत होती, आणि ती बघून माझी दुप्पट व्हायची. तोंड दाबून बुक्क्यांचा मार, दुसरं काय.

पहिला फटका उन्हाळ्यात बसला. रात्रभर लाईट नव्हती आणि फ्रीजमधलं कांदाखोबऱ्याचं वाटण आंबलं होतं. मी त्या सकाळी दळण आणायला गेले होते. परत आले, पायरीवर पाय ठेवला आणि मला आंबूस वास आला. पहिल्या टेबलावर एसटीतून रिटायर झालेले एक कंडक्टर बसले होते, आमचे रोजचे. ताटातली आमटी अर्धी संपली होती. आरशात मामंजी दिसत होते, नजर कंडक्टरांच्या तोंडावर खिळलेली. कंडक्टर जरा थांबले, भाकरीचा तुकडा परत बुडवला आणि खाल्ला. मामंजींना ते थांबणं कळलं, पण अर्थ लागला नाही.

मी जाऊन ताट उचललं. "माशी पडली, दादा, दुसरं आणते." तशीच आत गेले. आता पातेलं कसं ओतायचं? आमटी बिघडली म्हणावं, तर त्यांच्या नाकाचं सगळं आत्याबाईंसमोर बाहेर पडलं असतं. आत्याबाई तिथेच भाकऱ्या थापत होत्या. आणि माझ्या तोंडातून निघून गेलं, "आत्याबाई, मांजराने तोंड घातलं हो पातेल्यात. मी येताना बघितलं, खिडकीतून पळालं."

उष्टं म्हटल्यावर या घरात पुढचा प्रश्न नसतो. आत्याबाईंनी मांजराच्या सात पिढ्यांचा उद्धार केला आणि पातेलं गटारात गेलं. मामंजी सकाळपासून त्या चुलीपासून हलले नव्हते. मांजर आलं असतं तर त्यांच्या हाताखालून आलं असतं. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि खाली बघून म्हणाले, "मांजरांचं लई झालंय हल्ली."

मला कळलं की त्यांना कळलं.

दुसऱ्या दिवशी कंडक्टर आले नाहीत. तिसऱ्या दिवशीही नाहीत. मी कामाला हात लावू शकत नव्हते. कुठे रुग्णवाहिका वाजली की मला वाटायचं तेच आत आहेत. त्यांच्या गल्लीत जाऊन आले, तर घराला कुलूप. कुलूप बघून मी एका जागी इतका वेळ उभी राहिले की शेजारणीने मला पाणी विचारलं. एक माणूस मेला आणि तो आम्ही मारला, असं माझ्या मनाने पक्कं धरलं. मामंजींनाही झोप नसावी, वरच्या गॅलरीत त्यांच्या चपलांचा आवाज यायचा. मग एका सकाळी कंडक्टर हातात पेढ्यांचा पुडा घेऊन पायरी चढले. लेकीकडे शिर्डीला गेले होते, नातू झाला होता.

"तेवढी त्या दिवसाची आमटी जरा आंबट हुती बरं का," ते मला हळूच म्हणाले. "म्हणलं आमसूल घातलं आसंल, तुमच्या डोंगरातल्या पद्धतीनं."

मी हसले. आत जाऊन मोरीत तोंडावर पाणी मारलं, तेव्हा कळलं की मी रडतेय.

यानंतर मांजर येतच राहिलं. खोबरं करपलं की मांजर यायचं. दूध नासलं की मांजर यायचं. मी सगळीकडे नाक खुपसून फिरायची, आणि काही चुकलं की आत्याबाईंना ऐकू जाईल असं "हाड हाड" ओरडायची. मामंजी निमूट पातेलं उतरवायचे आणि नव्याने फोडणी टाकायचे. एकच इच्छा होती, आजचा दिवस जाऊ दे.

पण आत्याबाईंसाठी ते मांजर खरं होतं. त्यांनी आधी काठी आणून ठेवली. मग पिशवीत मिरच्या बांधून खिडकीला टांगल्या. तरी मांजर येतंय म्हटल्यावर त्यांनी सुताराला बोलावलं आणि चुलीमागच्या गजांच्या खिडकीला प्लायवूड ठोकून घेतलं. मागच्या दाराखालची फटही पोत्याने बुजवली. "आता यिऊ दे की मेल्याला," त्या म्हणाल्या. मी बघत उभी राहिले. नको कसं म्हणणार? मांजर मीच आणलं होतं. आणि त्या घरात खरं मांजर नसल्यामुळे उंदरांचं मात्र फावलं होतं, हे कोणाच्याच ध्यानात आलं नाही, माझ्याही.

मामंजींचा एक नेम आहे. सकाळी आंघोळ केल्यापासून चुलीजवळच्या कोनाड्यातला दिवा लावेपर्यंत ते बोलत नाहीत. आधी दिवा, मग शेगडी, मग शब्द. त्या वेळात त्यांना कोणी हाक मारत नाही. हा नेमही आजेसासऱ्यांचाच. घराने तो इतका पाळलाय की आमच्या ह्यांचा अपघात झाला होता तेव्हासुद्धा आत्याबाई दिवा लागेपर्यंत जिन्यात उभ्या राहिल्या होत्या आणि मग बातमी सांगितली होती.

थंडीचे दिवस होते. रात्री आत्याबाईंनी उशिरा दूध तापवलं होतं आणि सिलिंडर चालूच राहिला होता. मी रोज झोपण्याआधी खाली जाऊन तो बंद करून यायची, पण माझ्यानंतर त्या खाली गेल्या होत्या. उजाडल्यावर मी पुढच्या बाजूने उतरले, झाडायला म्हणून शटर वर सरकवलं, आणि बाहेरच्या गार हवेतून आत पाऊल टाकलं.

वास पायांपासून वर आला. मला आधी ओळखूच आला नाही. मग ओळखला. गॅस. मी पहिल्या टेबलापाशी होते. समोर आरसा होता. आरशात चूल, कोनाडा, आणि कोनाड्यासमोर मामंजी, अंगावर ओला पंचा, कपाळाला गंध. एका हातात काडेपेटी आणि दुसऱ्या हातात काडी. ते त्या गॅसमध्ये उभे होते, शांत, जसे उंदराशेजारी बसले होते तसेच.

मला धावायचं होतं, पण पाय हलेनात. मी हाक मारली. "मामंजी." आवाज निघाला, पण इतका बारीक की मलाच तो दुसऱ्या कोणाचा तरी वाटला. त्यांनी ऐकलं. ऐकलं म्हणूनच त्यांच्या कपाळाला आठी पडली, आणि काडी धरलेला हात त्यांनी माझ्या दिशेने उभा केला. थांब, असं. दिवा लागू दे, मग बोल. तो हात परत पेटीकडे वळला.

मला वाटलं, झालं. वर आत्याबाई होत्या, हे होते, माझी पोरगी शाळेची वेणी घालत बसली होती.

काडी पेटीला लावता लावता मामंजींनी एकदा आरशात बघितलं. मुद्दाम नव्हे. सगळा जन्म त्या जागी उभं राहून दर थोड्या वेळाने आरशात बघायची सवय. आणि आरशात पहिल्या टेबलापाशी मी होते. मी काही केलं नाही, करू शकत नव्हते. माझे दोन्ही हात पदरासकट नाकावर गेले होते आणि डोळे फाटले होते, एवढंच. सगळी हयात त्यांनी त्या आरशात माणसांची तोंडं वाचली. त्यांनी माझं वाचलं.

काडी हातातच राहिली. त्यांनी माझ्या नाकावरच्या पदराकडे बघितलं, मग खाली सिलिंडरकडे, मग परत माझ्याकडे. त्या तोंडावर मी जे बघितलं ते मला कधी बघायचं नव्हतं. दवाखान्यातसुद्धा तो माणूस असा घाबरला नव्हता. त्यांनी पेटी इतक्या हळू खाली ठेवली, जसं झोपलेलं बाळ खाली ठेवावं. मग वाकून सिलिंडर बंद केला, मागचं दार उघडलं, पोतं लाथेने उडवलं, आणि प्लायवूडला दोन्ही हातांनी धरून ते असं ओढलं की खिळ्यांसकट हातात आलं. ते सगळं त्यांनी मुक्याने केलं. दिवा लागला नव्हता.

आम्ही मागच्या बोळात उभे राहिलो. त्यांचा तळवा खिळ्याने फाटला होता. वास ओसरल्यावर मी रबरी नळी काढून बाहेर आणली आणि उंदराने कुरतडलेलं भोक त्यांना दाखवलं, तेव्हा त्यांनी त्यावर बोट फिरवलं आणि नेम मोडला. या घरात चुलीवरच्या माणसाने दिव्याआधी बोललेला तो पहिला शब्द असावा.

"मला वास येत न्हाई, पोरी," ते म्हणाले. "दवाखान्यातनं आल्यापास्नं. जेवनाचाबी न्हाई, फुलाचाबी न्हाई. तुज्या पोरीचं डोकं हुंगलं तरी कायबी न्हाई."

"मला माहीत आहे," मी म्हटलं.

"ठाव हाय मला. मांजर कुठलं आपल्याकडं?"

मी पदराची कड फाडून त्यांच्या हाताला बांधली.

नवी नळी बसवली. घर सगळं उघडं टाकून वारं खेळवलं. आत्याबाईंना आणि ह्यांना मी नळीचं सांगितलं, नाकाचं सांगितलं नाही. ते सांगणं माझं नव्हतं. दिवा लागेपर्यंत त्या दिवशी ऊन वर आलं होतं. शेगडी पेटली तेव्हा मी नेहमीप्रमाणे बाजूला सरकले, आणि मामंजी तिच्यासमोर आलेच नाहीत. त्यांनी झारा माझ्या हातात दिला.

"आजपास्नं मसाला तू भाज," म्हणाले. हाताला लागलंय, असं आत्याबाईंना ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने म्हणाले. मग ताटं देण्याच्या खिडकीला वळसा घालून बाहेर गेले.

मी कढई ठेवली. दगडफूल, खोबरं, कांदा. डोळे मिटून वाकले, वाफ नाकाकडे ओढली. सगळा वास सारखाच वाटायला लागला. हे करपलं की अजून कच्चं आहे? इतकी वर्षं मी शेजारी उभी राहून शिकले होते, पण शेजारी 'हं' म्हणणारं कोणीतरी होतं. आज कोणी नव्हतं. चाखायचं नव्हतं. अंदाजाने कढई उतरवली, आमटी केली, आणि पहिलं ताट वाढून खिडकीत ठेवलं.

शटर आम्ही पुन्हा अर्धं खाली ओढलं होतं, बाहेरून कोणी आलं नव्हतं. तरी ताट उचललं गेलं. मी आरशात बघितलं. पहिल्या टेबलावर मामंजी बसले होते. या खाणावळीत ते कधी बाकावर बसले नव्हते, त्यांचे वडीलही नसावेत. त्यांनी भाकरी मोडली, आमटीत बुडवली आणि पहिला घास घेतला.

मी त्यांचं तोंड बघत राहिले. भुवया हलल्या नाहीत. जबडा सावकाश हलला. दुसरा घास त्यांनी लवकर उचलला, बरोबर तितका लवकर, जितका चांगलं ताट असलं की माणूस उचलतो. मग त्यांनी आरशात वर बघितलं, थेट माझ्याकडे, आणि मान हलवली.

"मसाला बराबर भाजलाय," ते म्हणाले. "आज मांजर फिरकलं न्हाई."

त्यांना यातलं काही कळलेलं नव्हतं, हे मला ठाऊक होतं. आणि मला ते ठाऊक आहे, हे त्यांनाही ठाऊक होतं. बाहेर कोणीतरी शटर वर ढकललं, पायरीवर पाय वाजले. मी दुसरं ताट घेतलं आणि आमटी वाढली.